गावची भांडी आणि हरवलेल्या फायली

‘अमुक फाईल या संगणकावर सापडत नसल्यामुळे प्रोग्राम सुरू होऊ शकत नाही. प्रोग्राम पुन्हा बसवून पाहा.’ विंडोज वापरणाऱ्या बहुतेकांनी या अर्थाची इंग्रजी चौकट कधी ना कधी पाहिलेली असते. ‘अमुक’च्या जागी ‘एमएसव्हीसीआर१००.डीएलएल’ असे काहीतरी न उच्चारता येणारे नाव असते. वापरणाऱ्याने ती फाईल कधी उघडलेली नसते, तिला कधी हात लावलेला नसतो. ती आपल्या संगणकात आहे हेच त्याला, ती नाही हे कळते तेव्हा कळते. काल नीट चालणारा प्रोग्राम आज अडून बसतो आणि अडण्याचे कारण म्हणून एका अनोळखी पाहुण्याचे नाव पुढे करतो.

या नावाच्या शेपटीला जे ‘डीएलएल’ असते त्याचा विस्तार ‘डायनॅमिक लिंक लायब्ररी’ असा आहे. यातला शेवटचा शब्द दिवाळी अंकाच्या वाचकाला जवळचा आहे. लिनक्सवर याच जातीच्या फायलींच्या नावात ‘एसओ’ ही अक्षरे येतात, मॅकवर ‘डायलिब’. नावे वेगळी, काम एकच: अनेक प्रोग्रामांना लागणारे काम एका ठिकाणी लिहून ठेवायचे आणि ज्याला हवे त्याने तिथून वापरायचे. गेली काही वर्षे मी छोट्या सार्वजनिक ग्रंथालयांच्या संगणकीय याद्या जतन करण्याच्या कामात आहे. त्या कामात या फायलींशी माझी वारंवार गाठ पडली, आणि हळूहळू लक्षात आले की हा विषय फक्त संगणक दुरुस्त करणाऱ्यांचा नाही. आपल्या लिखाणाचे, नोंदींचे, याद्यांचे पुढे काय होणार याचा बराचसा निकाल या अदृश्य फायलींच्या हाती आहे. म्हणून त्या काय असतात, का हरवतात आणि हरवल्यावर काय करावे, हे साहित्याच्या वाचकांसमोर मांडावेसे वाटले.

कपाटातल्या कागदी फिती

संगणकाच्या जगात ‘लायब्ररी’ हा शब्द केवळ रूपक म्हणून रुळला नाही. सुरुवातीला ते खरोखरचे कपाट होते. इंग्लंडमधल्या केंब्रिज विद्यापीठात मॉरिस विल्क्स यांच्या नेतृत्वाखाली ‘एडसॅक’ नावाचा संगणक बांधला गेला. ६ मे १९४९ रोजी त्याने पहिला प्रोग्राम चालवला. तो वर्गसंख्यांचा तक्ता काढण्याचा होता. त्या काळी प्रोग्राम कागदी फितीवर भोके पाडून लिहीत. वर्गमूळ काढणे, त्रिकोणमितीतली किंमत काढणे, आकडे छापणे ही कामे जवळजवळ प्रत्येक प्रोग्रामात लागत, आणि प्रत्येकाने ती नव्याने लिहायची म्हणजे प्रत्येकाने नव्याने चुकायचे.

विल्क्स यांचे तरुण सहकारी डेव्हिड व्हीलर यांनी यावर तोड काढली. असे नेहमीचे काम एकदाच, नीट तपासून, स्वतंत्र तुकड्यात लिहायचे. मुख्य प्रोग्रामाने तिथे उडी मारायची आणि काम झाले की जिथून निघालो तिथे परत यायचे. परतीचा पत्ता कसा लक्षात ठेवायचा ही त्यातली खरी मेख होती. व्हीलर यांनी ती सोडवली आणि ती युक्ती आजही ‘व्हीलर उडी’ या नावाने ओळखली जाते. असे तुकडे लिहिलेल्या फिती कपाटात क्रमवार लावून ठेवलेल्या असत. ज्याला जी हवी ती त्याने काढायची, यंत्राने तिची नक्कल आपल्या फितीवर उतरवायची आणि मूळ फीत जागेवर ठेवायची. विल्क्स, व्हीलर आणि स्टॅन्ली गिल यांनी १९५१ मध्ये या पद्धतीवर पुस्तक लिहिले; प्रोग्राम लिहिण्याच्या विद्येवरचे ते पहिले पुस्तक मानले जाते.

यात एक बारकावा आहे आणि पुढची सारी गोष्ट त्यावर उभी आहे. केंब्रिजचा संशोधक मूळ फीत घरी नेत नव्हता. तो नक्कल नेत होता. एकदा नक्कल आपल्या फितीवर उतरली की कपाटाशी संबंध संपला. उद्या कपाट जळाले तरी त्याचा प्रोग्राम चालणार. पण उद्या मूळ फितीतली चूक कुणी दुरुस्त केली, तर ती दुरुस्ती मात्र त्याच्यापर्यंत पोहोचणार नाही. या पद्धतीला संगणकशास्त्रात ‘स्टॅटिक’, म्हणजे कायमची जोडणी म्हणतात.

पंगतीचे हिशेब

आपल्याकडे गावोगाव लग्नकार्याची भांडी देवस्थानाकडे किंवा मंडळाकडे असत. काही गावांत अजून आहेत. शंभर माणसांचा भात शिजेल असे पातेले, मोठी घंगाळे, झारे, परात, वाढपाच्या बादल्या. प्रत्येक घराने एवढी भांडी घेऊन माळ्यावर ठेवणे परवडणारे नव्हते आणि वर्षाकाठी एकदा लागणाऱ्या वस्तूसाठी ते शहाणपणाचेही नव्हते. कार्य निघाले की यादीवर सही करून भांडी आणायची, कार्य उरकले की घासून परत करायची.

संगणकात नेमकी हीच गरज उभी राहिली. १९८५ च्या नोव्हेंबरमध्ये विंडोजची पहिली आवृत्ती आली, तेव्हा तिला किमान २५६ किलोबाइट स्मृती पुरेल असे धरले होते. आजच्या फोनमधला एक फोटो त्याच्या कितीतरी पट मोठा असतो. त्या एवढ्याशा जागेत पडद्यावर खिडकी काढण्याचे, अक्षरे उमटवण्याचे, उंदराची हालचाल टिपण्याचे काम प्रत्येक प्रोग्रामाने आपापल्या पोटात बाळगायचे म्हटले असते, तर दोन प्रोग्रामही शेजारी बसले नसते. म्हणून ही कामे ‘कर्नल’, ‘यूजर’ आणि ‘जीडीआय’ या तीन सामायिक भागांत ठेवली गेली आणि सारे प्रोग्राम ती तिथून घेऊ लागले. कल्पना त्याहून जुनी होती. १९६०च्या दशकात अमेरिकेत एमआयटी आणि तिच्या सहकाऱ्यांनी ‘मल्टिक्स’ नावाची प्रणाली उभारली, तिच्यात प्रोग्राम चालू असतानाच लागेल तो भाग शोधून जोडण्याची सोय होती. १९८८च्या सुमारास सन कंपनीच्या युनिक्समध्येही सामायिक लायब्ररी आल्या आणि पुढे लिनक्सने तीच वाट धरली.

फायदा दुहेरी होता. डिस्कवर एकच प्रत आणि स्मृतीतही एकच प्रत. दहा प्रोग्राम एकाच वेळी तीच लायब्ररी वापरत असले तरी तिच्यातल्या सूचना स्मृतीत एकदाच चढवल्या जातात. प्रत्येकाचे स्वतःचे आकडे तेवढे वेगळे ठेवले जातात. पातेले एकच, भात मात्र ज्याचा त्याचा.

शोध कसा चालतो

आपण एखाद्या चित्रावर दोनदा टिचकी मारतो आणि प्रोग्राम उघडतो. या दोहोंच्या मध्ये जे घडते त्यातच त्या चौकटीचे मूळ आहे. प्रोग्रामाच्या फाईलमध्ये एक यादी असते: मला कोणकोणत्या लायब्ररी लागतील आणि त्यांच्यातली कोणकोणती कामे लागतील. प्रणालीतला ‘लोडर’ नावाचा कारभारी ही यादी वाचतो आणि फायली शोधायला निघतो. तो सगळी डिस्क धुंडाळत नाही. त्याच्या जाण्याच्या जागा ठरलेल्या आहेत आणि त्यांचा क्रमही ठरलेला आहे. विंडोजवर सर्वसाधारणपणे आधी प्रोग्रामाचा स्वतःचा फोल्डर, मग प्रणालीचे फोल्डर आणि शेवटी ‘पाथ’ या नावाखाली नोंदवलेल्या जागा. लिनक्सवर प्रोग्रामाने किंवा वापरणाऱ्याने खास सांगितलेल्या जागा, मग ‘एलडीकॉन्फिग’ या आज्ञेने तयार करून ठेवलेली सूची, आणि मग नेहमीचे लायब्ररीचे फोल्डर. ठरलेल्या सर्व जागी फाईल मिळाली नाही, तर कारभारी हात वर करतो आणि चौकट दाखवतो.

म्हणजे ‘सापडत नाही’ या एका वाक्याचे निदान चार अर्थ होऊ शकतात. फाईल संगणकावर नाहीच, हा पहिला. फाईल आहे, पण कारभारी जिथे पाहतो तिथे नाही, हा दुसरा. फाईल जागेवर आहे, पण ती चुकीच्या जातीची आहे, हा तिसरा. आणि चौथा फार फसवा: फाईल आहे, जातही बरोबर आहे, पण तिला स्वतःला लागणारी दुसरी एखादी लायब्ररी नाही. लायब्ररीसुद्धा इतर लायब्ररींवर अवलंबून असतात. चौकट पहिलीचे नाव घेते आणि गहाळ असते तिसरीच. लिनक्सवर ‘एलडीडी’ ही आज्ञा एखाद्या प्रोग्रामाची सारी वंशावळ मांडून दाखवते आणि जिथे दुवा तुटला आहे तिथे ‘सापडले नाही’ असे लिहिते. विंडोजवरही हेच काम करणारी साधने मिळतात. रोगनिदान इथून सुरू करावे.

जातीचा घोळ विशेष सांगण्याजोगा आहे. आजचे विंडोज बहुधा ६४ बिटांचे असते, जुने प्रोग्राम मात्र ३२ बिटांचे. ३२ बिटांच्या प्रोग्रामाला ३२ बिटांचीच लायब्ररी लागते. आता गंमत अशी की ६४ बिटांच्या विंडोजमध्ये ‘सिस्टिम३२’ या फोल्डरात ६४ बिटांच्या फायली असतात आणि ज्याच्या नावात ६४ आहे त्या ‘सिसवॉव६४’मध्ये ३२ बिटांच्या. हे उलटे वाटते, पण त्यामागे कारण आहे. ‘सिस्टिम३२’ हे नाव असंख्य प्रोग्रामांच्या मजकुरात कायमचे कोरले गेले होते. तेच प्रोग्राम ६४ बिटांत आणताना ते नाव मोडू नये म्हणून फोल्डराचे नाव तेच राहिले, आतले सामान बदलले. गल्लीचे नाव ‘तांबट आळी’ आणि दुकाने मोबाईलची, तसाच हा प्रकार.

एकाच नावाची दोन पातेली

सामायिक वस्तूचे दुखणेही सामायिक असते. गावच्या भांड्यांत एखाद्या घरातून ‘पातेले एक’ परत आले, यादीवर खूणही झाली, पण आलेले पातेले आकाराने लहान आहे, हे पुढच्या लग्नात शंभर पाने मांडल्यावर कळते. १९९०च्या दशकात विंडोजवर हेच घडत होते. नवा प्रोग्राम बसवताना तो आपल्याबरोबर एखादी सामायिक फाईल आणी आणि तिथे आधीपासून असलेल्या त्याच नावाच्या फाईलवर बिनदिक्कत चढवी. कधी नव्यावर जुनी आवृत्ती चढे, कधी जुन्यावर नवी. नवा प्रोग्राम चाले आणि दुसराच कुठला तरी, ज्याला कुणी हात लावला नव्हता, मरून पडे. प्रोग्राम काढून टाकतानाही तो ‘आपली’ म्हणून जी फाईल उचलून नेई, ती आणखी तिघांची असे. संगणकवाल्यांनी या अवस्थेला ‘डीएलएल हेल’, म्हणजे डीएलएलचा नरक, असे नाव दिले.

मायक्रोसॉफ्टने टप्प्याटप्प्याने उपाय केले. विंडोज २००० मध्ये प्रणालीच्या महत्त्वाच्या फायलींवर पहारा आला. कुणी त्या बदलल्या तर मूळ प्रत गुपचूप परत ठेवली जाई. २००१ च्या विंडोज एक्सपीमध्ये एकाच लायब्ररीच्या अनेक आवृत्त्या शेजारी शेजारी ठेवण्याची सोय झाली. प्रोग्रामाने आपल्याला कोणती आवृत्ती हवी हे एका जोडपत्रात लिहून द्यायचे. लिनक्सने आवृत्तीचा आकडा लायब्ररीच्या नावातच घातला. ज्या बदलामुळे जुने प्रोग्राम मोडतील असा बदल झाला की नावातला मुख्य आकडा वाढवायचा, म्हणजे जुनी आणि नवी दोन्ही एकत्र नांदू शकतात. तरीही संक्रमणे कष्टाची झाली. लिनक्सवरच्या जवळजवळ प्रत्येक प्रोग्रामाला लागणारी सी भाषेची मूळ लायब्ररी १९९७-९८ च्या सुमारास पाचव्या पिढीतून सहाव्या पिढीत गेली, तेव्हा वितरणांना आपले सारे भांडार नव्याने बांधावे लागले.

एका यादीची गोष्ट

आता माझ्या कामातला एक अनुभव. तालुक्याच्या गावातले एक ‘क’ वर्गाचे सार्वजनिक ग्रंथालय. तिथल्या ग्रंथपालबाईंनी आणि त्यांच्या दोन सहकाऱ्यांनी वर्षानुवर्षे बसून सारी दाखलनोंद वही संगणकावर चढवली होती. प्रोग्राम स्थानिक मुलाने ‘व्हिज्युअल बेसिक ६’ मध्ये लिहिलेला. ही भाषा १९९८ मध्ये आली आणि महाराष्ट्रातल्या छोट्या संस्थांचे, पतपेढ्यांचे, दवाखान्यांचे कितीतरी प्रोग्राम तिच्यात लिहिले गेले. २००८ मध्ये या भाषेच्या साधनांचा अधिकृत आधार संपला, पण प्रोग्राम चालत राहिले. इथला लिहिणारा मुलगा केव्हाच परगावी गेला होता. जुना संगणक कुरकुरू लागला म्हणून संस्थेने नवा घेतला. दुकानदाराने जुन्यावरचा प्रोग्रामचा फोल्डर उचलून नव्यावर ठेवला आणि जुना संगणक भंगारात गेला. प्रोग्राम उघडायला गेल्यावर चौकट आली: अमुक घटक किंवा त्याला लागणारा एखादा घटक नीट नोंदवलेला नाही. बाईंनी मला फोन केला तेव्हा त्यांचा प्रश्न एकच होता. ‘सर, नोंदी गेल्या का हो?’

नोंदी गेल्या नव्हत्या. हे प्रथम सांगायला हवे, कारण प्रोग्राम आणि माहिती या दोन वेगळ्या वस्तू आहेत. प्रोग्राम उघडत नाही म्हणून कुणी सारा फोल्डर पुसून ‘नव्याने सुरुवात’ केली असती, तर मात्र त्या खरोखरच गेल्या असत्या. म्हणून पहिले काम म्हणजे सारा फोल्डर जसा आहे तसा पेनड्राइव्हवर उतरवून बाजूला ठेवणे. माहितीची फाईल त्यात सुखरूप होती.

मग निदान. ही भाषा चालवणारी मुख्य लायब्ररी आजच्या विंडोजबरोबरही येते, त्यामुळे तिची अडचण नव्हती. अडत होते ते पडद्यावर ओळी आणि रकान्यांचा तक्ता दाखवणाऱ्या एका जोड-घटकामुळे. अशा घटकांच्या फायलींना ‘ओसीएक्स’ अशी शेपटी असते. जातीने त्या डीएलएलच. त्या विंडोजबरोबर येत नाहीत, प्रोग्राम लिहिणाऱ्याने त्या सोबत द्यायच्या असतात. शिवाय त्या नुसत्या जागेवर ठेवून भागत नाही. विंडोजच्या नोंदवहीत त्यांची नोंद करावी लागते. प्रोग्राम त्याच्या बसवणीच्या डिस्कवरून रीतसर बसवला की ही सारी कामे आपोआप होतात. फोल्डर उचलून ठेवला की यातले एकही होत नाही. लग्नाचा आचारी आला, पण भांड्यांच्या यादीवर सही करायला कुणी गेलेच नाही.

या वेळी चटकन सुचणारा मार्ग म्हणजे फाईलचे नाव इंटरनेटवर शोधायचे आणि ‘मोफत डीएलएल’ देणाऱ्या कुठल्याही ठिकाणाहून ती उतरवायची. हा मार्ग टाळावा. डीएलएल ही माहितीची नव्हे, सूचनांची फाईल असते. ती आत आली की प्रोग्रामाला जेवढे अधिकार तेवढे तिलाही मिळतात. अनोळखी माणसाने दिलेली किल्ली आपल्या कुलुपाला लागते एवढ्यावरून ती घरात ठेवावी का? शिवाय आवृत्ती आणि बिटांची जात जुळेल याची खात्री नाहीच.

बाईंच्या कपाटात, देणगीपावत्यांच्या पुस्तकांखाली, त्या मुलाने दिलेली मूळ सीडी निघाली. तिच्यावरून प्रोग्राम रीतसर बसवला; तक्त्याची फाईल ‘सिसवॉव६४’मध्ये गेली; ‘रेगएसव्हीआर३२’ ही नोंदणीची आज्ञा प्रशासकाच्या अधिकाराने चालवून नोंद पक्की झाल्याची खात्री केली; मग माहितीची फाईल जागेवर ठेवली. प्रोग्राम उघडला. ‘ययाति’ शोधून पाहिली, तिन्ही प्रती दिसल्या. बाई काही बोलल्या नाहीत, फक्त खुर्ची पुढे ओढून त्यांनी शेवटची नोंद कोणती हे तपासले.

यातून सर्वसाधारण क्रम असा निघतो. आधी माहितीची प्रत काढावी. चौकटीतले फाईलचे नाव अक्षर न अक्षर उतरवून घ्यावे. ती फाईल कोणाची हे शोधावे: विंडोजची, भाषेच्या साधनांची, की त्या प्रोग्रामाची स्वतःची. विंडोजची असेल तर ‘एसएफसी’ ही तपासणीची आज्ञा आहे, ती मूळ प्रत परत आणते. ‘एमएसव्हीसी’ किंवा ‘व्हीसीरनटाइम’ने सुरू होणारे नाव असेल तर ती व्हिज्युअल सी++ची लायब्ररी; तिचा अधिकृत संच मायक्रोसॉफ्ट मोफत देते. नावातला १०० हा आकडा २०१० च्या संचाचा, १४० हा २०१५ आणि त्यानंतरच्या संचाचा. प्रोग्राम ३२ बिटांचा असेल तर ६४ बिटांच्या संगणकावरही संच ३२ बिटांचाच लागतो. फाईल प्रोग्रामाची स्वतःची असेल तर चौकटीतला शेवटचा सल्ला ऐकावा आणि प्रोग्राम पुन्हा बसवावा. विषाणूरोधकाने ती संशयावरून कोंडून ठेवली आहे का, हेही पाहावे. लिनक्सवर बहुधा एवढे कष्ट नाहीत: ती लायब्ररी ज्या संचात येते त्याचे नाव शोधून वितरणाच्या भांडारातून तो बसवायचा.

वेलांटी कुठे जाते?

हरवलेली सामायिक लायब्ररी मराठी वाचकाने डोळ्यांनी पाहिलेली आहे, फक्त तिला त्या नावाने ओळखले नव्हते. विंडोज एक्सपीच्या काळात युनिकोडमधला मराठी मजकूर उघडला की अनेकांना पहिली वेलांटी अक्षराच्या आधी येण्याऐवजी नंतर दिसे आणि जोडाक्षरे सुटून मधे हलन्त लोंबकळत. मजकूर शुद्ध होता. युनिकोडमध्ये ‘कि’ लिहिताना आधी ‘क’ आणि मग वेलांटी साठवतात, कारण उच्चाराचा क्रम तोच आहे. पडद्यावर मात्र वेलांटी आधी काढायची, ‘क्ष’चा एकजीव आकार निवडायचा, रफार उचलून पुढच्या अक्षराच्या डोक्यावर ठेवायचा, हे काम अक्षरजुळणी करणाऱ्या सामायिक लायब्ररीचे. विंडोजमध्ये तिचे नाव ‘युनिस्क्राइब’. एक्सपीमध्ये भारतीय लिप्यांची ही सोय आपोआप चालू नसे. प्रादेशिक भाषांच्या पानावर जाऊन ‘जटिल लिप्या’ असा एक चौकोन टिचकावा लागे आणि बहुधा विंडोजची सीडी घालावी लागे. ‘जटिल’ हा शब्द अर्थातच आपल्या बाराखडीला कुणीतरी बाहेरून दिलेला.

आज हेच काम क्रोम, फायरफॉक्स, लिबरऑफिस आणि अँड्रॉइड फोन यांच्यासाठी ‘हार्फबझ’ नावाची एकच खुली लायब्ररी करते. तिचे नाव फारसीतल्या ‘हर्फ’ आणि ‘बाझ’ या शब्दांवरून आले आहे. अर्थ, खुले अक्षर. ‘हरफ’ हा शब्द मराठीलाही परका नाही. आपण फोनवर वाचतो त्या मराठीतली वेलांटी जागेवर बसते, ती बहुतेक वेळा या एका सामायिक फाईलच्या कृपेने. हीच सामायिकपणाची उजळ बाजू आहे. मराठीपुरती वेगळी जुळणी प्रत्येक प्रोग्रामाच्या कर्त्याने लिहायची ठरली असती, तर किती जणांनी ती लिहिली असती?

त्याच ग्रंथालयाच्या नोंदींत मात्र दुसरी गाठ होती. त्या युनिकोडपूर्वीच्या एका फॉन्टमध्ये टंकलेल्या होत्या. अशा मजकुरात मराठी अक्षरे साठवलेलीच नसतात. साठवलेली असतात रोमन चिन्हे, आणि तो ठरावीक फॉन्ट त्या चिन्हांच्या जागी मराठी आकार काढतो. फॉन्ट हरवला की ‘ययाति’ म्हणजे रोमन अक्षरांचा चिखल. तीही एका परीने हरवलेली सामायिक फाईलच. फरक इतकाच की इथे चौकट येत नाही; मजकूर निमूटपणे निरर्थक होतो.

एकाची दुरुस्ती, सर्वांची दुरुस्ती

सामायिक लायब्ररीतली चूक सर्वांना नडते आणि दुरुस्ती सर्वांना तारते. एप्रिल २०१४ मध्ये ‘हार्टब्लीड’ नावाचा दोष उघड झाला. इंटरनेटवरची बोलणी गुप्त ठेवण्याचे काम जगभरातले असंख्य सर्व्हर ‘ओपनएसएसएल’ या लायब्ररीवर सोपवतात. तिच्या २०१२ मध्ये आलेल्या आवृत्तीपासून एक तपासणी राहून गेली होती. त्यामुळे बाहेरचा कुणीही दर खेपेला सर्व्हरच्या स्मृतीतला ६४ किलोबाइटपर्यंतचा मजकूर वाचू शकत होता. जिथे ती लायब्ररी सामायिक होती, तिथे ती एक फाईल बदलून प्रोग्राम पुन्हा सुरू केले की त्या यंत्रावरचे सारे प्रोग्राम एकदम सुधारले. ज्यांनी केंब्रिजच्या रीतीने तिची नक्कल आपल्या पोटात घेतली होती, ते एकेक शोधून नव्याने बांधावे लागले.

उलट बाजूही तितकीच खरी. २९ मार्च २०२४ रोजी आंद्रेस फ्रॉइंड या अभियंत्याने जाहीर केले की ‘एक्सझेड’ या फाईल आवळणाऱ्या लायब्ररीच्या दोन ताज्या आवृत्त्यांत चोरदरवाजा बसवलेला आहे. दूरच्या यंत्रावर प्रवेश करताना सुमारे अर्धा सेकंद जास्त लागतो आहे, एवढ्या सुतावरून त्यांनी स्वर्ग गाठला होता. चोरदरवाजा बसवणाऱ्याने दोनेक वर्षे निष्ठेने मदत करून त्या लायब्ररीच्या एकट्या पडलेल्या राखणदाराचा विश्वास मिळवला होता. दोषी आवृत्त्या तोवर मुख्यतः चाचणीच्या वितरणांतच पोहोचल्या होत्या, म्हणून अनर्थ टळला. जगभरच्या पंगती ज्या पातेल्यावर अवलंबून आहेत, ते घासायला पुष्कळदा एकच माणूस असतो, तोही विनावेतन, ही गोष्ट त्या दिवशी अनेकांना प्रथमच दिसली.

डिस्क आणि स्मृती स्वस्त झाल्यावर वारे पुन्हा फिरले आहे. अनेक नवे प्रोग्राम आपल्या साऱ्या लायब्ररी एका पेटीत बांधून बरोबर आणतात. ‘सापडत नाही’ची चौकट त्यामुळे कमी दिसू लागली आहे, पण दर घरच्या माळ्यावर शंभर पानांचे पातेले आले आहे, आणि त्यातले कुठले गळके आहे हे पाहणारे कुणी नाही. सामायिक की स्वतःचे, हा वाद एडसॅकच्या कपाटापासून चालू आहे आणि दोन्ही बाजूंची किंमत कुणाला तरी मोजावीच लागते.

छोट्या संस्थांसाठी मात्र यातून काही गोष्टी स्पष्ट निघतात. प्रोग्रामच्या बसवणीची डिस्क, परवान्याचा क्रमांक आणि त्याला काय काय लागते याची एक पानाची यादी दाखलनोंद वहीइतक्याच जपणुकीने ठेवावी. त्या यादीत वापरलेल्या फॉन्टचे नाव आणि फॉन्टची फाईलही असावी. संगणक बदलण्याआधी नव्यावर सारे चालते आहे हे पाहिल्याशिवाय जुना भंगारात देऊ नये. आणि वर्षातून एकदा, साठा तपासणीच्या वेळी, सारी माहिती युनिकोडमध्ये, साध्या मजकुराच्या रूपात बाहेर काढावी, जी कुठल्याही प्रोग्रामावाचून उघडेल. त्या ग्रंथालयाची यादी आता अशी काढलेली आहे. रूपांतरात सुटलेले रफार बाई दुपारच्या वेळी एकेक करून दुरुस्त करतात; गेल्या महिन्यात कादंबऱ्या संपल्या, आता चरित्रे चालू आहेत.